पडायची तालीम

आमच्या बिल्डिंगमध्ये दर शनिवारी सकाळी कुणीतरी पडायचं. ठरवून पडायचं. लॉबीत, लिफ्टच्या समोर, योगा मॅट अंथरून. बाकीचे म्हातारे पिवळी जॅकेटं घालून भिंतीशी उभे असायचे. काका गळ्यातली शिट्टी तोंडातून काढायचे, "यल्ला, चला, पडा" म्हणायचे आणि शिट्टी परत तोंडात. नवीन भाडेकरू पहिल्या शनिवारी हे बघून आल्या पावली लिफ्टमध्ये परत जायचे. पुढच्या शनिवारी त्यांच्याच घरचे आजोबा रांगेत जॅकेट घालून उभे दिसायचे.

अल नहदा म्हणजे शारजाचं शेवटचं टोक. बाल्कनीतून समोर दुबई दिसते. मी त्याच टॉवरमध्ये वाढले, आणि काका, नात्याचे नव्हे पण सगळ्या टॉवरचे, आमच्या डोक्यावर, वरच्या मजल्यावर. उभं आयुष्य त्यांनी एका कन्स्ट्रक्शन कंपनीत सेफ्टी ऑफिसर म्हणून काढलं. रिटायर झाले तेव्हा कंपनीने त्यांना घड्याळ दिलं आणि त्यांनी मागून हेल्मेट घेतलं. "बांधणाऱ्याचं नाव होतं, पोरी," ते मला सांगायचे. "जो पडला नाही, त्याला कुठे माहीत असतं की तो पडणार होता?" ह्यात तक्रार नसायची. बिचारे खूश असायचे.

रिटायर झालेला मास्तर भाजीवाल्याचा हिशेब तपासतो, तसं काकांचं झालं होतं. साइट सुटली, पण नजर सुटली नाही. आमच्या घरी आले की आधी बाथरूममध्ये जायचे. कुणाला वाटेल हात धुवायला गेले. ते मॅटवर उभे राहून टाचा घासून बघायचे, टॉवेलची दांडी ओढून बघायचे, आणि चहाचा कप हातात घ्यायच्या आधी निकाल सांगायचे. त्यांची बेल वाजली की आई दिवाणखान्यातला गालिचा गुंडाळून पलंगाखाली सरकवायची. "आपल्याच घरात चोरीचा माल लपवल्यासारखं वाटतं गं," असं पुटपुटत दार उघडायची. आमचा नवा सोफा बघून ते म्हणाले होते, "हा सोफा नव्हे वहिनी, विहीर आहे. म्हातारा माणूस आत गेला की पोहरा सोडून काढावा लागेल." बाबांनी हौसेने घेतलेला सोफा तो. त्यानंतर आजी त्याच्यावर कधी बसलीच नाही.

गणपतीत तर विचारू नका. सगळे टाळ घेऊन तयार, ताटात कापूर, आणि काका मध्ये उभे राहून दोन्ही हातांनी विमानातल्या एअर होस्टेससारखे दरवाजे दाखवतायत. "बाप्पा विघ्न हरतो, पण दार आपलं आपल्याला शोधावं लागतं. ओढण्या सांभाळा. हं, आता चालू करा आरती." आमच्या पिढीतली पोरं खो खो हसायची. पण खरं सांगू, आज माझ्या स्वतःच्या घरी आरती असते तेव्हाही मी आधी ओढणी खोचते.

ह्या पडापडीची सुरुवात एका दांड्यापासून झाली. काकांचे जुने साहेब लोकल, म्हणजे इथलेच, एमिराती. त्यांचे वडील आजारी म्हणून काका बघायला गेले आणि परत आले ते थेट आमच्या घरी. चेहरा असा, की जणू तीर्थयात्रा करून आलेत. इथल्या सरकारचं आपल्या म्हाताऱ्यांवर फार लक्ष. त्या आजोबांना घरी नर्स येते, व्यायाम करून घ्यायला माणूस येतो, पलंग बटण दाबलं की वर होतो. हे सगळं काकांनी घाईघाईत उरकलं. त्यांना सांगायचं होतं ते वेगळंच.

"बाथरूममध्ये दांडा बसवून दिलाय. सरकारने. माणूस आला, आजोबांचा हात कुठवर पोचतो ते बघितलं, आणि त्या उंचीला दांडा लावला. टॉवर काय, पैसे असले की कुणीही बांधतं. म्हाताऱ्याच्या हाताच्या उंचीला दांडा लावणारं सरकार बघायला नशीब लागतं."

माझी आजी कोपऱ्यात वाती वळत होती. ती मूळची साताऱ्याकडची. आजोबा गेल्यावर बाबांनी तिला व्हिसा काढून इथे आणली होती, आणि तेव्हापासून ती बाल्कनीत बसून खालच्या गाड्यांना नावं ठेवायची. ती म्हणाली, "आमाला लावंल का त्यो दांडा?"

"आपण त्यांचे नाही ना हो, आजी."

"मग आपल्या सरकारला सांगा की."

"ते राहिलं समुद्रापलीकडे. त्याचा हात इथे पोचत नाही."  काकांनी चहा संपवला, कप खाली ठेवला. "म्हणजे मधल्या मध्ये मीच," ते म्हणाले.

आणि खरोखरच ते सरकार झाले. भिंतीला भोक पाडायला घरमालकाची परवानगी लागते, ती त्यांनी कशी काढली देव जाणे. टॉवरमधल्या झाडून सगळ्या म्हाताऱ्यांचे हात त्यांनी स्वतः मापले. लॉबीच्या पायऱ्यांना पिवळी टेप चिकटवली. आजीच्या काठीला चमकणारी पट्टी लावली, तेव्हा आजी म्हणाली, "मला काय रस्त्यावरचं काम काढायचंय व्हय?" मग लागली ती पडायची तालीम. मुलं-सुना ट्रॅफिक चुकवायला उजाडायच्या आत बाहेर पडणार, नातवंडं शाळेत, घरात एकटा म्हातारा आणि टीव्ही. त्यात कुणी पडलं तर? काकांचं एक वाक्य होतं, ते लॉबीतल्या प्रत्येकाला पाठ झालं होतं: "पडणं हा अपघात नव्हे. पडून राहणं हा अपघात."

नियम सोपे होते. पडलेल्याला लगेच उचलायचं नाही. एकाने उशी आणायची, एकाने लिफ्ट अडवून धरायची, एकाने फोन करायचा. ॲम्ब्युलन्सवाल्यांना दर शनिवारी कशाला छळायचं, म्हणून फोन नुसता तळहातात करायचा. ते काम केरळच्या एका रिटायर्ड पोस्टमास्तर अंकलकडे होतं. ते तळहाताला इतक्या आदबीने संपूर्ण पत्ता सांगायचे, की मला वाटायचं हाताने उत्तर दिलं नाही तर त्यांना राग येईल. आणि पडणाऱ्याने मोठ्याने ओरडायचं, "खरंच पडलोय." हा काकांचा खास आग्रह. "साइटवर माणूस पडला की बाकीचे आधी हसतात. कामाचा वेळ हसण्यात जातो. म्हणून ओरडायचं."

आजीने सुरुवातीला साफ नकार दिला. "सारा जलम न पडता काढला, आता ह्येंच्या शिट्टीवर पडू?" पण एकदा पडली आणि बाईला चटकच लागली. मंगळवारपासून विचारायला सुरुवात, ह्या शनवारी माझा नंबर हाय का. नुसती पडून तिचं भागेना. ती मरायलाही लागली. एका शनिवारी तिने मॅटवर पडल्या पडल्या क्षीण आवाजात आपल्या पाटल्या थोरल्या सुनेला, म्हणजे गावाकडच्या माझ्या सख्ख्या काकूला, देऊन टाकल्या. अख्ख्या लॉबीसमोर. आई धाकटी सून, ती उशी घेऊन तिथेच उभी. घरी आल्यावर आईने दोन दिवस आजीशी अबोला धरला आणि बाबा बिचारे दोघींना सांगत फिरत होते की अगं, ते ड्रिल होतं, ड्रिल.

आमचा वॉचमन पठाण. भला माणूस. शनिवारी मला लिफ्टमधून बाहेर येताना बघितलं की गंभीर चेहऱ्याने विचारायचा, "बेटा, आज कौन गिरेगा?"

आता काकांच्या बायकोबद्दल सांगायला हवं. त्यांना मी काकू म्हणायचे, पण त्याआधी कितीतरी वर्षं त्या माझ्या मिस होत्या. इथल्याच एका इंडियन स्कूलमध्ये गणित शिकवायच्या. आवाज असा, की मागच्या बाकावरचा डबा आपोआप बंद व्हायचा. पुढे त्यांचं विसरणं सुरू झालं. आधी आमटीत साखर दोनदा, मग माणसांची नावं, मग आजचा दिवस कुठला ते. लॉबीत गर्दी बघून त्या दर शनिवारी विचारायच्या, "आज कुणाचं बारसं आहे?" काका म्हणायचे, "वॉचमनच्या मुलाचं." मग काकू वॉचमनकडे जाऊन त्याचं अभिनंदन करायच्या. त्याला दर शनिवारी नवा मुलगा व्हायचा आणि दर शनिवारी तो छातीवर हात ठेवून म्हणायचा, "आपकी दुआ है, मॅडम."

एकदा काकांना डोळे तपासायला मी दुबईला घेऊन चालले होते. ट्रॅफिकमध्ये आम्ही अडकलो होतो. काका पुढच्या गाड्यांमधलं अंतर नजरेने मोजत होते. मग म्हणाले, "हे सगळं कशासाठी चाललंय, माहितीये का तुला?"

"म्हाताऱ्यांसाठी."

"तिच्यासाठी. घरात आम्ही दोघंच. मी पडलो तर ती काय करेल?"

प्रत्येक ड्रिलमध्ये काकूंना एकच काम दिलेलं होतं. उठायचं, वॉचमनकडे जायचं, सांगायचं. त्यांनी ते एकदाही केलं नाही. त्या खुर्चीत बसून बघत राहायच्या, आणि स्वतः काका पडले की हसायच्या. "मी पडतो आणि ती हसते गं," काका म्हणाले. खिडकीकडे बघत म्हणाले. मला गाडी चालवायची होती म्हणून बरं, नाहीतर मी रडले असते.

त्यांचा मुलगा दुबईत, तासाभरावरच्या अल बर्शाला राहायचा. बायको, दोन मुलं, एका बेडरूमचा फ्लॅट. आईवडिलांचा व्हिसा त्याच्या नावावर, दरवर्षी नवा काढावा लागायचा. त्या वर्षी त्याने ठरवलं की आता बास. पुण्यात वृद्धांसाठी एक चांगली जागा आहे, नर्स आहे, डॉक्टर आहे, बाग आहे, संध्याकाळी भजन आहे. "बाबा, धिस इज नॉट सस्टेनेबल. उद्या तुम्ही पडलात तर आईला कळणारसुद्धा नाही. मी बर्शाहून पोचेपर्यंत काय?" मला त्याचा भयंकर राग यायचा. पण चुकीचं काय बोलत होता तो? काहीच नाही.

"इथे तिला लिफ्टचं बटण कळतं," काका त्याला म्हणाले. आमच्याच घरात, त्या विहिरीच्या काठावर टेकून. "खालचा किराणावाला कळतो. वॉचमन कळतो. तिथे नेलंस तर तिला मीसुद्धा कळणार नाही."

 मग काकांनी पैज लावली. "येत्या शनिवारी तू ये. मी पडतो. ती उठून वॉचमनकडे गेली, तर व्हिसा काढ. नाही गेली, तर तिकीट काढ. मी एक अक्षर बोलणार नाही."

तो आठवडा आमच्या टॉवरने जो काढला, त्याला तोड नाही. बारावीच्या पोराची घेणार नाहीत एवढी तयारी लोकांनी काकूंची करून घेतली. आजी रोज दुपारी वर जायची आणि त्यांना समजावायची, "ह्ये पडलं की तुमी उठायचं, त्या पठाणाकडं जायचं, म्हनायचं, गिर गया." पोस्टमास्तर अंकल हेच इंग्रजीत सांगायचे. काकू सगळं शांतपणे ऐकून घ्यायच्या आणि शेवटी आजीचा हात हातात घेऊन विचारायच्या, "तुम्ही एवढ्या का घाबरलाय?" वॉचमनने तर मला बाजूला घेऊन सांगितलं की मॅडमने नुसतं माझ्याकडे बघितलं तरी मी पास करून टाकीन. हे काकांच्या कानावर गेलं. "सेफ्टीत कॉपी चालत नाही," ते म्हणाले, आणि वॉचमनशी दिवसभर बोलले नाहीत.

शनिवार उजाडला. लॉबीत पाय ठेवायला जागा नाही. एरवी झोपून राहणारे लोकसुद्धा उतरले होते. मुलगा आला, हाताची घडी घालून नोटीस बोर्डाशी उभा राहिला. काकांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. काकू खुर्चीत, मांडीवर पर्स. त्यांनी बारशाची चौकशी केली, वॉचमनला मुलगा झाला, सगळं यथासांग पार पडलं.

काकांनी शिट्टी वाजवली आणि ते मॅटकडे निघाले. तिथवर ते पोचलेच नाहीत. त्यांनीच चिकटवलेल्या पिवळ्या टेपची एक कड सुटून वर आली होती. तिच्यात पाय अडकला आणि काका मॅटच्या अलीकडे, उघड्या फरशीवर आडवे.

लॉबीतून "वाऽऽ" असा आवाज आला. "आज ग्वाड पडले," आजी माझ्या कानात म्हणाली. पोस्टमास्तर अंकल तळहातात पत्ता सांगू लागले. कुणीतरी लिफ्ट अडवली. मी उशी घेऊन धावले आणि मनात म्हणाले, काय ॲक्टिंग करतोय हा माणूस, घामसुद्धा आलाय. काका ओरडले, "खरंच पडलोय." आजीने शहाण्या विद्यार्थ्याचं उत्तर ऐकावं तशी मान डोलावली. काका पुन्हा ओरडले, "अहो, खरंच." मुलगा जागचा हललाही नाही. "ओके बाबा, पॉइंट टेकन," तो म्हणाला. "उठा आता."

तेवढ्यात काकू उठल्या.

सगळी लॉबी श्वास रोखून बघत होती. पर्स खांद्याला लावून त्या सरळ चालत वॉचमनच्या टेबलाशी गेल्या आणि म्हणाल्या, "साहब गिर गए हैं. फोन लगाइए."

काय सांगू तुम्हाला. टाळ्यांचा कडकडाट. आजीने मला मिठीच मारली. पिवळी जॅकेटं एकमेकांना टाळ्या देत होती. वॉचमनचे डोळे भरून आले आणि त्याने मोठ्या प्रेमाने आपला तळहात कानाला लावला.

काकू वळल्या. त्यांनी आम्हा सगळ्यांकडे बघितलं.

"क्लास," त्या म्हणाल्या. "क्वाएट."

आवाज तोच. तिशीची मी, जुमेरा लेक टॉवर्समधल्या ऑफिसात माझ्या हाताखाली माणसं आहेत, पण माझी पाठ ताठ झाली आणि उशी धरलेले हात खाली आले. 

"ते खरंच पडलेत," काकू म्हणाल्या. "तो टेबलावरचा फोन उचला. नाऊ."

मग मात्र जे झालं ते बघण्यासारखं होतं. तालीम केलेली माणसं ती. कुणी गडबडलं नाही, कुणी काकांना ओढून उठवलं नाही. वॉचमनने फोन लावला, पोस्टमास्तर अंकलनी तोच पत्ता या वेळी खऱ्या माणसाला सांगितला आणि पलीकडून उत्तर आलं तेव्हा ते क्षणभर दचकले. आजीने काकांच्या पायाला दोन्ही बाजूंनी उशा लावल्या. ॲम्ब्युलन्सवाल्या मुलीने आल्या आल्या विचारलं की हे इतकं नीट कुणी केलं, तेव्हा आजीने शाळेतल्यासारखा हात वर केला. मुलगा वडिलांशेजारी फरशीवर बसला होता आणि पुन्हा पुन्हा सॉरी म्हणत होता.

काकांचं त्याच्याकडे लक्षच नव्हतं. चेहरा पांढराफटक, घोटा सुजून टम्म, आणि माणूस हसतोय. स्ट्रेचरवर घेतल्यावर त्यांनी मुलाची बाही धरली.

"पास का?"

"बाबा, प्लीज. आत्ता नको."

"पास का नापास, ते सांग."

"पास."

"खलास," काका म्हणाले आणि त्यांनी डोळे मिटले. दारातून बाहेर नेताना एकदा उघडले, ते टेप बदलायला सांगण्यासाठी.

ॲम्ब्युलन्समध्ये काकू बसल्या. मी मुलाला माझ्या गाडीतून मागोमाग नेलं. घोट्याचं हाड मोडलं होतं, स्क्रू बसवावे लागणार होते. हे ऐकून काकांनी डॉक्टरला स्क्रूची कंपनी विचारली म्हणे. आम्ही तिघं बाहेरच्या बाकावर बसलो, मधे काकू. मुलाने बराच वेळ हातातल्या फोनकडे बघितलं, मग मला म्हणाला, "तुमच्या वॉचमनचा नंबर दे ना. आणि त्या पोस्टमास्तर अंकलचा." मी दिले. त्याने ते सेव्ह केले. व्हिसाच्या मेडिकलला बाबांना व्हीलचेअरवर नेता येतं का, ते कुणाला तरी फोन करून विचारलं. मग तो आईकडे वळला.

"आई, आम्ही सगळे होतो तिथे. कुणालाच कळलं नाही. तुला कसं कळलं?"

काकूंनी त्याच्याकडे बघितलं. एवढं सोपं गणित ह्याला कसं सुटत नाही, असं काहीतरी त्यांच्या चेहऱ्यावर होतं.

"पडायच्या आधी हे दर वेळी माझ्याकडे बघतात," त्या म्हणाल्या. "आज बघितलंच नाही."